भिंतीवर सावली कुणाची

नलिनी मलानी यांच्या कामावरून माझं आणि मामाचं कधीच जुळलं नाही. मामा मूळचा कुडाळचा. छबिलदासच्या दिवसांपासून प्रायोगिक नाटकांची प्रकाशयोजना करत आला. मी व्हिडिओ संकलन करते आणि प्रदर्शनांमध्ये प्रोजेक्टर लावून देण्याची कामं घेते. दोघांचंही पोट उजेडावर चालतं, पण त्या उजेडात काय दिसावं यावर एकमत नाही. मलानींनी पन्नासहून अधिक वर्षांत चित्रं, फिल्म, नाटक, व्हिडिओ, भिंतीवरची पुसली जाणारी रेखाटनं आणि आयपॅडवरचं ॲनिमेशन असं सगळं केलं. मामाला ही धरसोड वाटते, मला तो एकाच गोष्टीचा सलग शोध वाटतो. या वादाचा एक मोठा तुकडा इथे उतरवते आहे. मामाच्या बोलण्याला कात्री लावलेली नाही, कारण त्याच्या काही हरकतींना माझ्याकडे अजून पुरतं उत्तर नाही.

मामा : आधीच सांगतो, बाईंच्या हाताबद्दल मला शंका नाही. त्यांचे जलरंग मी पाहिलेत. माणसं पाण्यात विरघळत चाललेली, आणि तरी कोण कुणाकडे पाठ करून बसलंय ते लगेच कळतं. असा हात असलेल्या माणसाने कागद सोडून गावभर का भटकावं? पखवाजी अर्धं आयुष्य एका ठेक्यावर घालवतो, तेव्हा कुठे त्याला समेआधीची शांतता सापडते. इथे एक जमलं की दुसरं, दुसरं जमलं की तिसरं. खोल जायचं कधी?

मी : पण कॅमेरा अगदी सुरुवातीलाच आला होता, मामा. लोक हा क्रमच विसरतात. जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकत असतानाच त्यांना भुलाभाई इन्स्टिट्यूटमध्ये कामाला जागा मिळाली. तिथे एका खोलीत गायतोंडे, दुसरीकडे हुसेन, तय्यब मेहता, नसरीन मोहम्मदी. रविशंकरांची किन्नर शाळा तिथेच, थिएटर युनिटच्या तालमी तिथेच. विशीही न ओलांडलेल्या मुलीने चित्र इथे संपतं आणि नाटक तिथे सुरू होतं हे शिकावं तरी कुणाकडून? मग १९६९ मध्ये अकबर पदमसींनी नेहरू फेलोशिपच्या पैशांतून 'व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप' काढलं. चित्रकार, कॅमेरामन, मानसोपचारतज्ज्ञ, सगळे एका जागी. कॅमेरा वापरायला मिळत होता, फिल्म धुऊन मिळत होती. मलानी त्यांच्यातल्या सगळ्यात लहानांपैकी. त्यांनी 'ड्रीम हाउसेस' ही फिल्म तिथे केली. पुठ्ठ्याच्या घरांचं एक छोटं प्रारूप, त्यावर रंगीत उजेड, आणि एकेक चौकट टिपत केलेलं ॲनिमेशन. चार्ल्स कोरियांसारखे वास्तुविशारद नव्या भारतासाठी घरांची स्वप्नं पाहत होते, तो हा काळ.

मामा : ती मी पाहिलीय. शेजारी दुसऱ्या पडद्यावर काळीपांढरी फिल्म चालते तीच ना? खिडकीत उभी असलेली बाई.

मी : तीच. ती १९७६ची. तोवर पॅरिसला जाऊन आल्या होत्या, आणीबाणी चालू होती. एक तरुण स्त्री उंचावरून शहराकडे पाहते आणि समोर स्वप्नातली घरं नाहीत, झोपड्या आहेत. दोन फिल्म शेजारी ठेवल्या तेव्हा त्याचं 'युटोपिया' झालं. आता तू सांग, हे एका कागदावर कसं मांडायचं? दोन काळ एकाच वेळी चालू असले पाहिजेत आणि बघणाऱ्याने मान वळवली पाहिजे. विषयालाच दोन पडदे लागत होते.

मामा : हे पटतं. शेजारी ठेवण्यात ताकद आहे. पण मग एवढी ताकद सापडल्यावर त्या फिल्ममध्येच का नाही राहिल्या?

मी : कारण पुढे फिल्म कुठे करायची? त्या काळात चित्रकार बाईच्या हातात कॅमेरा कोण देणार आणि तिची फिल्म कुठल्या थिएटरात लागणार? वर्कशॉप बंद पडलं, साधन गेलं. त्या लोहार चाळीत जाऊन राहिल्या आणि पुन्हा रंगवायला लागल्या.

मामा : लोहार चाळ! तिथे मी वायर, होल्डर, स्विच आणायला जायचो. अजूनही मुंबईत कुणाला दिव्याचं सामान हवं असेल तर तोच रस्ता. हातगाडी, पाठीवर खोके घेतलेले हमाल, आणि मधूनच कुणीतरी झोपलेलं. तिथे एकाला बघायला गेलं की तीन माणसं दिसतात.

मी : त्यांच्या त्या वेळच्या चित्रांत हेच आहे. एकावर एक चढलेली माणसं. त्या मालिकेची त्यांनी फोटोकॉपी यंत्रावर पुस्तकंही केली. छाप घ्यायची, त्यावर पुन्हा रेखाटायचं, पुन्हा छाप. म्हणजे यंत्र हाताशी आलं की हात त्याच्याशी बोलू लागतो, हे व्हिडिओच्या कितीतरी आधीपासूनचं. आणि मायलरचे पारदर्शक पडदे टांगून त्यांनी गल्ली उभी केली ती १९९१ मध्ये. त्या पडद्यांमधून चालायचं, मागचं चित्र पुढच्या चित्रात मिसळायचं. पुढे त्यांनी रंगवून टांगलेल्या फिरत्या नळकांड्यांचं बी मला तिथे दिसतं.

मामा : बरं, आता माझ्या गल्लीत ये. 'मिडिया'.

मी : १९९३. जानेवारीपर्यंत दंगलीत मुंबई जळून झाली होती, मार्चमध्ये बाँबस्फोट. त्या वर्षी मॅक्समुल्लर भवनात हायनर म्युलरच्या संहितेवरचा तो प्रयोग झाला. अलकनंदा समर्थ ग्रीक कथेतली मिडिया, आणि भोवतीची जागा मलानींची. भिंतींवर रेखाटनं, रंगवलेले पडदे, व्हिडिओ.

मामा : हे मला त्यांच्या सगळ्या कामातलं मोठं वाटतं आणि नेमकं हेच मला पाहायला मिळालं नाही. अलकनंदा समर्थ म्हणजे साधी गोष्ट नव्हे. लंडनच्या 'राडा' या नाट्यशाळेत शिकलेली नटी, आवाज असा की शब्द तोंडातून सुटल्यावर खोलीत राहायचा, असं तिला ऐकलेले लोक सांगतात. दंगलीतून नुकत्या बाहेर आलेल्या शहरात, हातभर अंतरावर उभी राहून एक बाई पोटच्या मुलांना मारण्याबद्दल बोलते. प्रेक्षकाला पळायला जागा नाही. नटीचा श्वास चढतो तसा आपला चढतो. बाय, ही गोष्ट प्रोजेक्टरने होत नाही. आणि नेमकं हे सापडल्यावर बाईंनी काय केलं? पुढच्या दहा वर्षांत नटाला बाहेर काढलं आणि त्याच्या जागी यंत्र आणून बसवलं.

मी : लगेच नाही. त्यानंतर १९९७ मध्ये अनुराधा कपूर यांच्याबरोबर ब्रेख्तच्या कथेवरचं 'द जॉब' झालं. आणि 'हॅम्लेटमशीन'मध्ये नट आहेच की. जपानमध्ये फुकुओकाला राहून केलं ते. बुतोह नर्तक, आणि त्याच्या उघड्या अंगावर प्रतिमा पडतात. शरीरच पडदा झालंय.

मामा : पण मी ते बघतो तेव्हा तो नर्तक खोलीत नसतो. चित्रित झालेला असतो. त्याला माझी खोकल्याची उबळ ऐकू येत नाही. नाटकात प्रेक्षक खोकला तर नट थांबतो, वाक्य उचलून पुन्हा ठेवतो. ही देवाणघेवाण संपली की त्याला प्रयोग कशाला म्हणायचं?

मी : देवाणघेवाण संपली असं मला वाटत नाही, ती दुसऱ्या बाजूने सुरू झाली. तुझ्या नाटकात प्रेक्षक अंधारात एका खुर्चीत बसतो. सगळं त्याच्यापर्यंत येतं. मलानींच्या खोलीत त्याला चालावं लागतं. कुठे उभं राहायचं, कशाकडे पाठ करायची, हे त्यानेच ठरवायचं. 'रिमेंबरिंग टोबा टेक सिंग' आठव. ते तर तू पाहिलंयस.

मामा : पाहिलंय. १९९९, प्रिन्स ऑफ वेल्स म्युझियममध्ये.

मी : मे १९९८मध्ये पोखरणचे स्फोट झाले, पंधरवड्यात पाकिस्तानने चाचण्या केल्या, दोन्हीकडे पेढे वाटले गेले. मलानींचा जन्म १९४६चा, कराचीतला. दुसऱ्या वर्षी फाळणीत घर सुटलं, आधी कलकत्ता मग मुंबई. त्यांनी मंटोची गोष्ट घेतली. दोन देशांच्या मध्ये, कुणाच्याच नसलेल्या जमिनीवर आडवा होणारा तो वेडा. जमिनीवर पत्र्याच्या बारा ट्रंका उघड्या, प्रत्येकीत एक टीव्ही. भिंतींवर चार प्रोजेक्शन. स्फोटांची, हिरोशिमा-नागासाकीची दृश्यं. आणि समोरासमोरच्या दोन भिंतींवर दोन स्त्रिया, मधल्या रिकाम्या जागेतून एकच साडी घडी घालू पाहतायत.

मामा : ती साडीची घडी मी विसरलेलो नाही. दोघींमध्ये मी उभा होतो. साडी धुवून वाळल्यावर आई आणि मावशी अंगणात अशाच उभ्या राहायच्या, एकीने ओढलं की दुसरीने सैल सोडायचं. त्या भिंतींवरच्या दोघींचं जमत नव्हतं. जमणारच नाही, कारण मध्ये खोली आहे आणि खोलीत आपण आहोत.

मी : मग? तुला त्या दोघींच्या मध्ये कुणी उभं केलं? रंगमंचावर दोन नट्यांनी हे केलं असतं तर तू समोर बसून पाहिलं असतंस. इथे त्या घडीच्या आड येणारा माणूस तूच होतास.

मामा : कबूल. पण माझ्याबरोबर आत आलेली माणसं बघ. शाळेची पोरं ट्रंकेत डोकावून पुढे पळाली. एक कुटुंब आत आलं, बाराबंदी घातलेले आजोबा दारातच थबकले, सुनेने हात धरून बाहेर नेलं. कुणीही पूर्ण पाहिलं नाही. नाटकाला सुरुवात असते, शेवट असतो, तिकीट काढलेला माणूस शेवटापर्यंत थांबतो. त्या थांबण्यातून त्याच्या आत काहीतरी घडतं. दोन मिनिटं डोकावून जाणाऱ्यात काय घडणार?

मी : पण ती माणसं आली कुठून, ते बघ ना. तुझ्या छबिलदासला कोण यायचं? दीडशे ओळखीचे चेहरे. केमोल्ड गॅलरीला कोण यायचं? त्याहून कमी. म्युझियममध्ये गावाहून मुंबई बघायला आलेलं कुटुंब येतं, सहलीची पोरं येतात. ज्यांनी कधी चित्रांच्या गॅलरीचं दार ढकललेलं नाही अशांच्या वाटेत त्यांनी त्या ट्रंका ठेवल्या. दारात थबकलेल्या आजोबांना ट्रंक म्हणजे काय हे सांगायला लागलं नसेल. कदाचित म्हणूनच ते थबकले.

मामा : हे तू तुझ्या मनाने भरलंस.

मी : भरलं. पण तू त्यांना अजून विसरला नाहीस, एवढं तरी खरं. माझं म्हणणं असं आहे मामा, मलानींच्या सगळ्या कामात एकच बाई पुन्हा पुन्हा येते. जिला सगळं दिसतं आणि जिचं कुणी ऐकत नाही. मिडिया, सीता, द्रौपदी, आणि सगळ्यात जास्त कसांड्रा. भविष्य दिसण्याचा वर मिळालेली, आणि त्यावर कुणीही विश्वास ठेवणार नाही असा शाप मिळालेली. चित्रात बोलून बघितलं, लोक भिंतीवर टांगून निघून गेले. म्हणून नाटकात बोलून बघितलं. मग म्युझियमच्या फरशीवर, मग फिरत्या सावल्यांत, मग फोनवर. प्रत्येक वेळी माध्यम बदललं ते ऐकणारा कुठे भेटेल याच्या शोधात. याला धरसोड कसं म्हणू?

मामा : सावल्यांचं नाव काढलंस ते बरं झालं. आता मी बोलतो, तू मध्ये येऊ नकोस. त्या नळकांड्यांचं कौतुक जगभर चाललंय. पारदर्शक लेक्सन किंवा मायलर, आतून उलटं रंगवलेलं, छताला टांगून हळूहळू फिरवायचं, त्यातून प्रोजेक्टरचा उजेड सोडायचा. भिंतीवर व्हिडिओ, त्यावर फिरत्या आकृत्यांच्या सावल्या. सुंदर आहे, दिवेवाला म्हणून सांगतो, फार सुंदर आहे. पण हे मी माझ्या लहानपणी पाहिलंय. कुडाळजवळ पिंगुळीला. ठाकर मंडळींचा चामड्याच्या बाहुल्यांचा खेळ. पांढरं कापड, मागे तेलाचा दिवा, भोकं पाडून रंगवलेल्या बाहुल्या. ज्योत हलली की रावणाचा दंड हलायचा, त्याला सूत्राची गरज नसायची. तीच माणसं चित्रकथीही करायची. कागदावरची चित्रं पोथीसारखी एकावर एक, एकेक काढून दाखवायची, आणि बाजूला बसून एकजण गात, सांगत राहायचा. हे सगळं देवळाच्या अंगणात. रात्रभर. गावातला कुणीही. तिकीट नाही, दरवाजा नाही. चित्र, उजेड, आवाज, नाट्य, सगळं एका ठिकाणी होतं आणि त्याला कुणी प्रयोगशील म्हणालं नाही. फरक एकच. तिथे सांगणारा होता. गोष्ट कुठे अवघड झाली की तो थांबायचा, म्हाताऱ्यांकडे बघायचा, पोरांसाठी पुन्हा सांगायचा. मलानींच्या खोलीत सांगणारा नाही. मूळ शोधायला गेलीस तर क्रिस्टा वोल्फची कादंबरी, महाश्वेता देवींची कथा, आणि 'इन सर्च ऑफ व्हॅनिश्ड ब्लड' हे नाव फैजच्या कवितेवरून. माझ्या गावच्या माणसाला यातलं काय कळणार? ऐकणारा शोधायला निघालेल्या बाईने सांगणाऱ्यालाच घरी ठेवलं.

मी : झालं बोलून? आता ऐक. सावल्यांचा खेळ नवा आहे असं मलानी कधी म्हणाल्याच नाहीत. उलटं रंगवणं त्यांना भूपेन खक्कर यांनी दाखवलं, आणि खक्करांनी ते बाजारातल्या काचचित्रांतून उचललेलं. आकृत्यांमध्ये कालीघाट शैली उघड दिसते. हे सगळं त्यांनी उघड्यावर घेतलंय. पण पिंगुळीत सांगणारा का चालतो? कारण रामायण सगळ्यांना ठाऊक असतं. सांगणारा नवीन काही सांगत नाही, ठाऊक असलेलं पुन्हा जागं करतो. आता 'मदर इंडिया' घे. २००५ची, पाच पडद्यांची. फाळणीत पळवून नेलेल्या बायकांवरच्या वीणा दास यांच्या निबंधातून निघालेली, आणि मागे गुजरातची २००२ची दंगल. त्या बायकांची गोष्ट कुणाला पाठ आहे? त्यांच्या घरच्यांनीच ती कधी सांगितली नाही. जी गोष्ट गप्प राहून जपली गेली तिला सांगणारा कुठून आणायचा? आणि आणलाच तर तो कुणाच्या बाजूने सांगेल? म्हणून त्यांच्याकडे आवाज एकमेकांवर चढतात, तुटतात, मध्येच बंद पडतात. ही गोष्ट तशीच ऐकू येते.

मामा : हं. आणि माझ्या गावचा माणूस?

मी : त्याला कसांड्रा ठाऊक असायची गरज नाही. त्याच्या गल्लीत एक असतेच. आणि सावलीबद्दल तू एक गोष्ट सांगितली नाहीस, जी दिवेवाला म्हणून तुला पहिल्यांदा दिसली असणार.

मामा : बघणाऱ्याची सावली.

मी : हो. पिंगुळीत प्रेक्षक पडद्याच्या एका बाजूला, दिवा दुसऱ्या. प्रेक्षकाची सावली कधीच पडद्यावर पडत नाही. इथे तू खोलीत शिरलास की प्रोजेक्टरच्या वाटेत येतोस आणि तुझं डोकं, तुझे खांदे त्या पळणाऱ्या बायकांच्या मध्ये भिंतीवर उमटतात. हललास की त्यांच्यावरून जातात.

मामा : मी आयुष्यभर धडपडलो ते याच्या उलट. सावली चुकीच्या जागी पडू नये म्हणून दिव्याचा कोन बदल, उंची बदल, पुठ्ठा लाव. पहिल्यांदा त्या खोलीत माझी सावली दिसली तेव्हा मी दचकून बाजूला झालो. काम बिघडवलं असं वाटलं. मग कळलं की बाजूला व्हायला जागाच ठेवलेली नाही.

मी : तुझं सांगणाऱ्याबद्दलचं म्हणणं मला कळतं. पण त्याच्या जागी त्यांनी तुला उभं केलंय. पाहिलंस ना, आता तू सांग.

मामा : ठीक. आता माझी खरी हरकत ऐक, ती आजवर मी तुला बोललो नव्हतो. ते सगळं फार देखणं आहे. एका लहान मुलीवर झालेला अत्याचार, दंगलीत चिरलेली पोटं, आणि भिंतीवर गुलाबी-निळ्या छटा, हळूहळू फिरणाऱ्या. लोक फोन काढून फोटो घेतात. ते रंग लावताना हात थरथरायला हवा होता. मामी म्हणते तसं, जखमेवर जरी लावायची नसते.

मी : याला माझ्याकडे पूर्ण उत्तर नाही. मलाही काही कामांत ते जाणवतं. पण २०१८मध्ये कठुआमध्ये आठ वर्षांच्या मुलीचं जे झालं, त्यानंतर त्यांनी आयपॅडवर जे केलं ते बघ. 'कॅन यू हिअर मी?' बोटाने ओढलेल्या रेघा. धावत्या, वेड्यावाकड्या, वहीच्या मागच्या पानावर रागाने गिरवाव्या तशा. शब्द येतात, खोडले जातात, चेहरा उमटतो आणि त्यावर फराटे मारले जातात. अशी अठ्ठ्याऐंशी ॲनिमेशन, नऊ प्रोजेक्टरवर, एकमेकांच्या अंगावर. २०२०मध्ये लंडनच्या व्हाइटचॅपल गॅलरीत लागलं ते. तिथे देखणेपणा जवळजवळ नाहीच. पंचाहत्तरीकडे झुकलेली बाई नवं यंत्र हातात घेते आणि तिचा हात अधिक उग्र होतो. तू मघाशी विचारलंस, खोल कधी जायचं? त्यातली कितीतरी छोटी ॲनिमेशनं त्यांनी इन्स्टाग्रामवरही टाकली. लोकलमध्ये उभ्या असलेल्या कुणाच्याही फोनवर ती येतात. तुझं देवळाचं अंगण, मामा.

मामा : अंगणात शेजारी माणूस असतो. फोनवर एकटा. नाही, हे अंगण नव्हे. पण त्या रेघा मी पाहिल्या, आणि तू म्हणतेस ते खरं आहे, त्यात राग शिजलेला नाही, कच्चा आहे. ते मला आवडलं. लंडनच्या नॅशनल गॅलरीत जुन्या चित्रांवर केलेलं काय ते?

मी : 'माय रिॲलिटी इज डिफरंट'. आधी बाथच्या होलबर्न म्युझियममध्ये, मग २०२३मध्ये लंडनला. कॅराव्हॅजिओसारख्यांच्या चित्रांवर त्या बोटाने रेघा ओढतात, झाकतात, उघडतात, ज्यांना चित्रात जागा नव्हती त्यांना आत आणतात. त्याच वर्षी क्योटो पुरस्कार मिळाला.

मामा : पुरस्कार राहू दे. मला सांग, हे सगळं टिकणार किती? १९९२मध्ये केमोल्डच्या भिंतींवर चित्रं काढली आणि प्रदर्शन संपल्यावर चुना मारून पुसली. नाथद्वाऱ्याची जुनी भित्तिचित्रं दुर्लक्षाने नष्ट होत होती, त्याचा तो निषेध. निषेध समजतो. पण त्याचा व्हिडिओ करून ठेवलाच ना? मग पुसलं काय?

मी : विकता येईल असं जे होतं ते पुसलं. व्हिडिओ साक्ष आहे, चित्र नव्हे. आणि पुढे त्यांनी पुसणं हाच प्रयोग केला. परदेशातल्या संग्रहालयांतही कोळशाने भिंती भरायच्या आणि शेवटी कुणीतरी प्रेक्षकांसमोर त्या पुसायच्या. हे तर तुझ्या नाटकाच्या जवळचं आहे. पडदा पडला की काय उरतं?

मामा : नाटकाची संहिता उरते. दुसरं कुणी तरी पुन्हा उभं करतं. ठरवून पुसणं वेगळं आणि हलगर्जीपणाने हरवणं वेगळं. पदमसींचं बघ. त्याच वर्कशॉपमध्ये त्यांनी 'इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर' केली. प्रत एकच होती, ती हरवली. २०१६ मध्ये अशिम अहलुवालिया म्हाताऱ्या पदमसींच्या आठवणीतून ती पुन्हा घडवायला बसले. एवढ्या मोठ्या माणसाची फिल्म आपल्याला एका डब्यात सांभाळता आली नाही. आणि आता या नळकांड्या. २००१चं 'ट्रान्सग्रेशन्स' ॲमस्टरडॅमच्या स्टेडेलिक म्युझियमकडे आहे, ते सांभाळतील. पण त्या काळचा प्रोजेक्टर आज कुठे मिळतो? त्याचा दिवा?

मी : मिळत नाही. नवा लावतात. 'युटोपिया'सुद्धा मूळची आठ आणि सोळा मिलिमीटरची, आता डिजिटल चालते.

मामा : मग ती तीच राहिली का? मला विचारशील तर हा प्रश्न आमच्याकडे रोज येतो. हॅलोजनचा दिवा मंद केला की तो तांबूस होत जातो. एलईडी मंद होतो, पण तांबूस होत नाही. तीस वर्षांपूर्वीच्या नाटकाचा माझा कागद घेऊन नवा मुलगा येतो. त्यावर लिहिलंय, अमुक दिवा, निम्म्यावर. त्याने नवा दिवा निम्म्यावर आणला आणि संध्याकाळ गेली, ट्यूबलाइट झाली. तेव्हापासून मी कागदावर दिव्याचं नाव लिहीतच नाही. लिहितो, दिवेलागण झाली आहे पण घरात अजून कुणी उठून दिवा लावलेला नाही. आता कुठलंही यंत्र आण, तुला काय करायचं ते कळेल.

मी : मलानींच्या कामाचं असं टिपण करायचं तर तू काय लिहिशील?

मामा : नळकांडं किती वेगाने फिरावं ते आकड्यात नाही लिहिणार. लिहीन, आकृती ओळखीची वाटायला लागेल तोवर ती निघून गेली पाहिजे. आवाज कुठल्या कोपऱ्यात अर्धा ऐकू यावा ते लिहीन. आणि बघणाऱ्याची सावली कुठवर चढली पाहिजे, ते सगळ्यात वर. दिवा छतावर टांगून कुणी शहाण्याने ती घालवली तर काम मेलं.

मी : हे मी लिहून घेते.

मामा : घे. पण खाली एक ओळ माझी. शेजारी एक सांगणारा उभा असावा.

मी : ती ओळ त्यांच्या कामात नाही, मामा.

मामा : नसू दे. ॲमस्टरडॅमला नको असेल तर नको. पिंगुळीला नेशील तेव्हा लागेल.